काखेतली टाच

तिच्या सासरी खांदा निखळला तर दवाखान्यात जायची पद्धत नव्हती. घरात टाच असताना दवाखान्याची पायरी कशाला चढायची? कुटुंब रंगाऱ्यांचं. घोड्यावर, म्हणजे दोन्ही बाजूंनी पाय फाकणाऱ्या त्या लाकडी शिडीवर, उभं राहून भिंती रंगवायच्या आणि कधी ना कधी खाली यायचं, हे ठरलेलंच. कुणी पडला आणि खांद्याचा गोळा जागचा हलला की सासरे त्याला उताणं निजवायचे, पायातली चप्पल काढायचे, शेजारी बसून आपली टाच त्याच्या काखेत रोवायचे आणि दोन्ही हातांनी त्याचं मनगट धरून मागे रेलायचे. खट्ट आवाज यायचा, पडलेला एकदा बोंबलायचा आणि मग सगळ्यांना चहा. सासरे गेले तेव्हा ही विद्या थोरल्या मुलाकडे आली. वाटून घ्यायला दुसरं काही नव्हतंच, त्यामुळे टाचेवरून भांडण झालं नाही.

थोरला म्हणजे तिचे भावजी. टोळीचे मुकादम. आवाज मोठा, छाती मोठी, हात सढळ. चहा पाजतील, कुणाच्या घरी आजारपण असेल तर धावून जातील. फक्त ‘चुकलो’ हा शब्द त्यांना कुणी शिकवला नव्हता, आणि या वयात कोण शिकवणार? सासूबाईंना तर थोरल्यात खोट दिसतच नसे. आपला तो बाब्या म्हणतात, तसला प्रकार.

तिला टोळीत सगळे ओळंबा म्हणत. भिंत सरळ उभी आहे का ते पाहायला गवंडी दोरीला वजन बांधून सोडतो ना, तो ओळंबा. छत आणि भिंत जिथे भेटतात तिथली दोन रंगांमधली रेघ ती नुसत्या डोळ्याने ओढायची. चिकटपट्टी नाही, दोरी नाही. उजवा हात डोक्याच्या वर, मनगट सैल, श्वास धरलेला, आणि ब्रश या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात. नवी सून म्हणून आली तेव्हा सासूबाई म्हणाल्या होत्या, बाईमाणूस घोड्यावर चढलेलं बरं दिसत नाही. तिची पहिली रेघ पाहून भावजींनीच आईला गप्प केलं होतं. “आई, हिला चढू दे. बरं काय दिसायचं ते भिंतीला दिसू दे.” हे त्यांच्या बाजूने मान्य करायला हवं. तीही मान्य करायची, पण पुढे पुढे दात ओठ खाऊन.

पडली ती मात्र स्वतःच्या चुकीने. त्याचा दोष तिने कधी कुणाला दिला नाही. रंगाऱ्यांना एक वाईट खोड असते. शिडी हातभर पुढे घ्यायची तर खाली उतरायला जिवावर येतं, म्हणून वर बसल्या बसल्याच पायांनी हिसके देत ती पुढे सरकवतात. याला घोडा चालवणं म्हणतात. सगळे चालवतात, आणि सगळे दुसऱ्याला सांगतात की चालवू नकोस. एका मोठ्या हॉलच्या कामात ती तसाच घोडा चालवत होती. शिडीचा एक पाय सांडलेल्या रंगावर गेला. पडता पडता तिने उजव्या हाताने वरची पायरी धरली. अंग खाली गेलं, हात वर राहिला, आणि खांद्यातून काहीतरी निसटलं.

दुखणं असं होतं की रडायलाही जमेना. ती डाव्या हाताने उजवा हात पोटाशी धरून जमिनीवर बसली. टोळी गोळा झाली. भावजी आले, खांदा पाहिला आणि चप्पल काढली.

“दवाखान्यात न्या मला,” ती म्हणाली.

“दवाखान्यात काय करणार? हेच करणार, वर बिल लावणार. झोप उताणी.” मग धाकट्या भावाला, म्हणजे तिच्या नवऱ्याला, ते म्हणाले, “तू कमरेला धर हिला. हलू देऊ नकोस.”

नवऱ्याने धरलं. मोठ्या भावाचं न ऐकण्याची त्याला सवय नव्हती. टाच काखेत रुतली, मनगट धरलं गेलं, पहिला हिसका बसला. गोळा काही जागेवर आला नाही. भावजींनी पकड सोडली, हाताचा घाम पुसला, टोळीकडे एकदा बघितलं. तेवढ्यात तिने उजवा पंजा मनगटातून वर उचलला आणि पाचही बोटं ताठ केली. थांबा. बोलायला छातीत श्वास नव्हता, म्हणून हाताने सांगितलं. रस्त्यावर पोलीस गाडी थांबवतो तसा पंजा, भावजींच्या तोंडासमोर.

भावजी थांबले नाहीत. दुसरा हिसका पहिल्याच्या दुप्पट होता, वर एक पीळ दिला. खट्ट झालं. कुणीतरी टाळ्यासुद्धा वाजवल्या. चहा आला, एकाने कप तिच्या उजव्या हातात दिला, आणि तो तसाच खाली पडून फुटला. तिने हाताकडे पाहिलं. मनगट लोंबत होतं, पाणी न मिळालेल्या रोपाच्या शेंड्यासारखं.

“मुंग्या आल्यात. जातील,” भावजी म्हणाले.

मुंग्या गेल्या नाहीत. तेल झालं, शेक झाला, कसला कसला पाला बांधून झाला. हाड जागेवर होतं, पण हात बाजूला उचलला जाईना, मनगट वर होईना, बोटं सरळ होईनात. ब्रश मुठीत कोंबला तर धरता यायचा, पण पकडीत दम नव्हता. महिना उलटल्यावर ती उठली आणि नवऱ्याला म्हणाली, “तुम्ही येता की मी एकटी जाऊ?” तो आला.

दवाखान्यातल्या डॉक्टरबाई हाताच्या नसांचंच काम करत. त्यांनी फोटो काढला, सुया टोचून कुठल्या स्नायूपर्यंत वीज पोचतेय ते तपासलं, आणि मग समोर बसून नीट समजावलं. मानेतून नसांचा एक जुडगा निघतो, गळ्याच्या हाडाखालून जातो आणि काखेतून हातात उतरतो. त्यातली एक नस खांद्याच्या गोळ्याला वळसा घालून वरच्या गुबगुबीत स्नायूला जाते. हात बाजूला उचलतो तो हाच स्नायू. दुसरी दंडामागून खाली जाते. कोपर सरळ करणं, मनगट आणि बोटं वर उचलणं तिच्याकडे. “तुमच्या या दोन्ही गप्प आहेत. तुटल्यात की नुसत्या ताणल्यात, ते आज नाही सांगता येत. ताणलेल्या बऱ्याचदा आपसूक परत येतात. थोडी वाट पाहू.”

“हे पडल्यामुळे झालं, की ओढल्यामुळे?” तिने विचारलं. नवरा खिडकीतून बाहेर बघू लागला.

“गोळा निसटतो तेव्हाच नस ताणली जाऊ शकते. म्हणून तर बसवण्याआधी आम्ही बोटं हलवायला सांगतो, फोटो काढतो, औषध देऊन अंग सैल करतो. ओढावं आम्हालाही लागतं, पण हळू. काखेत टाच नाही. नसा तिथूनच जातात ना.” मग त्यांनी विचारलं, “ओढण्याच्या आधी मनगट वर उचलता येत होतं का? आठवतंय?”

तिला आठवलं. असं आठवलं की डाव्या हाताने तिने खुर्ची घट्ट धरली.

“मी पंजा वर केला होता,” ती म्हणाली. “थांबा म्हणून.”

डॉक्टरबाईंनी ते कागदावर लिहून घेतलं. “खांद्याच्या नसेचं मी सांगू शकत नाही. ती पडतानाच गेली असेल. पण मनगटाची तेव्हा शाबूत होती. नाहीतर पंजा वर आलाच नसता.”

त्या दिवशी तिने डूख धरला. राग हा शब्द त्याला पुरणार नाही. राग येतो आणि जातो, त्याला दोन घास पोटात गेले तरी पुरतं. हे दुसरंच होतं. हिला भावजींचं काही नको होतं. माफी एकांतात नको, साडीचोळी नको, दवाखान्याचा खर्चही नको. जेवढ्या माणसांसमोर तिला ओढलं तेवढ्या माणसांसमोर त्यांनी म्हणायचं होतं की हिने थांब म्हटलं होतं आणि मी थांबलो नाही. बस. एवढं एक वाक्य. त्यासाठी ती जन्मभर थांबायला तयार होती.

घरी येऊन तिने जेवताना सगळ्यांसमोर सांगितलं. भावजींनी घास तोंडात ठेवला, चावला, गिळला.

“नसबिस काही नसतं. डॉक्टरांचे धंदे आहेत ते. हाड जागेवर आलं की नाही? आलं. मग माझं काम झालं.”

“मी पंजा दाखवला होता, भावजी.”

“तू काय काय करत होतीस, मी कुठे बघतोय? किंचाळत तर होतीस.”

“त्याने बसवला म्हणून हात आहे तरी,” सासूबाई म्हणाल्या. “उपकार मानायचे सोडून हिशेब कसले मागतेस?”

चोर तो चोर, वर शिरजोर. एवढ्यावर भागलं असतं तरी बरं. पण पुढे पाहुणे आले की भावजी तिच्या हाताची गोष्ट सांगायचे. पहिल्या हिसक्याला गोळा कसा हट्टाला पेटला, दुसऱ्याला कसा मुकाट आत गेला. सांगताना टाचही दाखवायचे. ती त्याच खोलीत डाव्या हाताने चहाचे कप ठेवत असायची.

उपचार सुरू झाले. मनगट लोंबून आखडू नये म्हणून पंजाला आधाराची पट्टी मिळाली. सांधे धरू नयेत म्हणून खांदा, कोपर, बोटं डाव्या हाताने रोज फिरवायची. व्यायामाच्या खोलीत बाकावर सगळी हात घेऊन बसलेली माणसं. एकजण मोटरसायकलवरून डोक्यावर आणि खांद्यावर आपटला होता. मान एकीकडे, खांदा दुसरीकडे, आणि मधल्या नसा मुळापासून उपटल्या गेलेल्या. एका म्हाताऱ्याच्या कुबड्या उंच होत्या, सगळा भार काखेत घेऊन चालला चालला आणि मनगट पडलं. एका बाईच्या मांडीवर तान्हं बाळ होतं. जन्मताना खांदा अडकला, ओढावं लागलं, आता एक हात अंगाशी चिकटून असायचा. त्या बाळाकडे तिच्याने बघवत नसे. आणि एक जाडजूड गृहस्थ होते, ते भरपूर पिऊन खुर्चीच्या पाठीवर हात टाकून झोपले होते. सकाळी उठले तर मनगट लोंबतंय.

ती प्रत्येकाला एकच विचारायची. “तुम्हाला कुणी केलं हे?”

“मीच,” जाडे गृहस्थ म्हणाले. “आता सूड कुणावर उगवू, बाई? खुर्चीवर?”

तिला त्या माणसाची कीव आली. सूड घ्यायला कुणी नाही म्हणजे माणसाने सकाळी उठायचं तरी कशासाठी? तिच्याकडे निदान भावजी होते. पण जाड्या गृहस्थांचा हात सगळ्यांच्या आधी बरा झाला. ते पेढे घेऊन आले तेव्हा तिला त्यांचाही थोडा राग आला.

चौथा महिना सरता सरता तिच्या मनगटात काहीतरी हललं. पट्टी काढून हात टेबलाच्या कडेवर ठेवला होता. पंजा वर आला नाही, नुसता थरथरला, पण थरथरला. मग आठवड्या-आठवड्याला तो थोडाथोडा वर येऊ लागला. कोपर सरळ होऊ लागलं, त्यात जोर आला. ज्या दिवशी पंजा पूर्ण वर आला त्या दिवशी घरी येऊन ती थेट भावजींसमोर उभी राहिली आणि पाची बोटं ताठ करून तो पंजा त्यांच्या तोंडासमोर धरला.

“आठवतंय?”

“बघ,” भावजी सासूबाईंना म्हणाले, “आला की नाही हात? मी सांगितलंच होतं, मुंग्या आहेत.”

खांद्याची नस मात्र उठायचं नाव घेईना. तिथला गुबगुबीतपणा जाऊन हाडाचं टोक वर आलं होतं. डॉक्टरबाईंनी पुन्हा सुया टोचल्या आणि मान हलवली. आता वाट बघण्यात अर्थ नाही. नस वेळेत पोचली नाही तर स्नायू वाळून जातो, मग नस आली तरी उपयोग नाही. उपाय एक होता. कोपर सरळ करणाऱ्या स्नायूला तीन डोकी असतात, तिन्हींना नसेच्या वेगवेगळ्या फांद्या. त्यातली एक फांदी कापायची आणि खांद्याच्या मुक्या नसेला नेऊन शिवायची. “शेजारच्या घरातून वायर ओढून आपल्या घरात दिवा लावायचा, तसं,” डॉक्टरबाई म्हणाल्या. “शेजाऱ्याकडे अजून दोन दिवे असतात. त्याला अंधार होत नाही.”

शस्त्रक्रियेच्या आदल्या संध्याकाळी नवरा पलंगाशी बसला होता. संत्रं सोलत होता. तिच्यासाठी सोलत होता आणि स्वतःच खात होता.

“मी धरलं होतं तुला,” तो म्हणाला. “कमरेला. तू हलू नयेस म्हणून.”

“माहीत आहे. पकड चांगली आहे तुमची.”

“तुझा पंजा मला दिसला नव्हता. मी मान खाली घातली होती. दिसला असता तर—”

“तर काय केलं असतंत?”

त्याने पुष्कळ विचार केला. “धरलंच असतं बहुतेक,” तो म्हणाला आणि रडू लागला. तिने त्याच्या हातातलं उरलेलं संत्रं काढून घेतलं. त्याला तिने त्या संध्याकाळी माफ केलं, कारण त्याने खरं सांगितलं. माफी एवढी स्वस्त होती. पण थोरल्याला ती परवडेना.

दंडामागे लांब टाका पडला. टाके निघाले, हाताची झोळी सुटली, आणि पुन्हा वाट बघणं आलं, कारण शिवलेली नस केसांच्या वाढीहून थोड्याच जास्त वेगाने पुढे सरकते. व्यायामाच्या बाई म्हणाल्या, “आता एक गंमत लक्षात ठेवा. खांदा उचलायचा विचार केलात तर तो उचलला जाणार नाही. ती जुनी वायर मेली. नव्या वायरीला फक्त ढकलणं माहीत आहे. तुम्ही कोपराने जोरात ढकलायचा विचार करा, आणि खांदा उचलला जाईल.”

ती भिंत ढकलायची. रोज, महिनोन्‌महिने. खांदा ढिम्म.

“मन लावून ढकला,” बाई म्हणाल्या. “भिंत ढकलताय म्हणून कंटाळा येतो. माणूस ढकलतोय असं समजा.”

तिने डोळे मिटले. भावजी घोड्यावर बसलेत. तंगड्या दोन्हीकडे, पँट रंगाने खरकटी, तोंडात कुणालातरी चालू असलेला उपदेश. घोडा चालवतायत. ती हळूच मागून जाते, तळवा त्यांच्या पाठीवर टेकवते, आणि—

“आलं!” बाई ओरडल्या. “आलं, आलं! बघा, इथे हात लावून बघा!” डाव्या हाताच्या बोटांना खांद्यावर, हाडाच्या त्या बोडक्या टोकाखाली, पकडलेल्या पाखरासारखी फडफड लागली.

“कुणाला ढकललंत?” बाईंनी कौतुकाने विचारलं.

“घरातलेच आहेत,” ती म्हणाली.

त्यानंतर तिने भावजींना किती वेळा ढकललं याला गणती नाही. घोड्यावरून ढकललं, गच्चीवरून ढकललं, कंटाळा आला तेव्हा नुसतंच ओट्यावरून ढकललं. सकाळी ते समोर पेपर वाचत बसायचे आणि ही त्यांच्याकडे बघत हात हळूहळू बाजूला उचलायची.

“हसतेस कशाला?” ते विचारायचे.

“व्यायाम आहे, भावजी.”

हात खांद्याच्या पातळीपर्यंत आला तशी ती कामावर परतली. भिंतीच्या भेगांत लांबी, म्हणजे पुट्टी, भरायची, घासायचं, छटा जुळवून द्यायच्या, सगळं जमिनीवर उभं राहून. वरची रेघ भावजींनी स्वतःकडे घेतली होती. दुसऱ्या कुणाला दिली तर ओळंब्याची जागा रिकामी आहे हे उघड झालं असतं. त्यांची रेघ गोगलगाय फिरून गेल्यासारखी दिसायची. गिऱ्हाइकं मान वाकडी करून बघायची, भावजी म्हणायचे घरच जुनं आहे, भिंतच वाकडी आहे.

मग स्वतःच्या घराला रंग द्यायचं काढलं. रंगाऱ्याचं घर कायम पोपडे धरलेलं असतं. सासूबाईंनी फार दिवस धोशा लावला होता. हाताशी दुसरं काम नव्हतं म्हणून सगळी टोळी घरीच लागली. सासूबाई सामान मधोमध रचून, त्यावर चादर घालून, दारातल्या खुर्चीत बसून सगळ्यांवर देखरेख करत होत्या. भावजी घोड्यावर चढून बाहेरच्या खोलीत छताची रेघ ओढत होते. ती समोरच्या भिंतीला खाली लांबी घासत होती.

“भावजी, डावीकडे ढळतंय.”

“दिसतंय मला.”

“आता उजवीकडे.”

“तू तुझं घास.”

“उतरून घोडा पुढे घ्या. हात पुरत नाहीये तुमचा.”

एवढं ऐकल्यावर भावजी काय उतरतात! ते तंगड्या फाकून बसले आणि घोडा चालवू लागले. एक हिसका, दोन हिसके. तिसऱ्याला शिडीचा पाय जमिनीवर पसरलेल्या प्लास्टिकवर गेला. ती खोलीच्या दुसऱ्या टोकाला होती, भिंतीकडे तोंड करून, हे सगळ्या टोळीने पाहिलं, ते बरं झालं. कारण आपण ढकललं नाही हे तिचं तिलाच क्षणभर खात्रीने सांगता आलं नसतं. धाडकन आवाज झाला. भावजी प्लास्टिकवर बसलेले होते, उजवा हात डाव्या हाताने पोटाशी धरलेला, खांदा चौकोनी.

पडलो तरी नाक वर. “काही नाही,” ते म्हणाले. चेहरा मात्र चुन्यासारखा झाला होता.

सासूबाई उठल्या. “अरे, खांदा निखळला त्याचा! बसवा लवकर!” आणि मग सगळ्यांच्या लक्षात एकदमच आलं की बसवणारा तोच आहे. टोळीतला एक थोराड गडी पुढे झाला. “मी बघितलंय दादांचं. टाच लावतो.”

“थांब,” ती म्हणाली. “ही घरातली विद्या आहे. घरातल्यानेच करायची.”

ती सावकाश आली. भावजींना उताणं निजवायला तिने दोघांना सांगितलं. शेजारी बसली. उजवी चप्पल काढून बाजूला ठेवली, दोन्ही हातांनी त्यांचं मनगट धरलं आणि टाच त्यांच्या काखेत टेकवली. रोवली नाही, नुसती टेकवली. तिथे सगळ्या नसा असतात, तिला ठाऊक होतं. आपल्या टाचेखाली त्यांची धडधड तिला लागत होती.

“अहो,” ती नवऱ्याला म्हणाली, “तुम्ही कमरेला धरा. सवय आहे तुम्हाला.”

नवरा जागचा हलला नाही. त्याच्या आयुष्यात पहिल्यांदाच असेल.

ती मागे रेलू लागली. अगदी थोडी. ओढ बसायच्या आतच भावजींचा उजवा पंजा मनगटातून वर आला. पाचही बोटं ताठ.

ती रेलायची थांबली.

“काय म्हणताय, भावजी?”

“नको.”

“का? हाड जागेवर येईल. चहा घेऊ.”

“नको गं. दवाखान्यात न्या मला. नस जाईल.”

“नस काय असते, भावजी?”

त्यांनी डोळे मिटले. कपाळावरून घाम कानात उतरत होता. सासूबाई म्हणाल्या, “काय खेळ लावलाय तिने, अरे कुणीतरी—” पण पुढे कुणी आलं नाही. टोळीतले सगळे त्या पंजाकडे बघत होते. हॉलमध्ये होते तेच सगळे.

“मीही असाच हात केला होता,” ती म्हणाली. “तुमच्या तोंडासमोर. दिसला होता?”

तिने टाच काढली नाही.

“दिसला होता,” भावजी म्हणाले.

“मोठ्याने. आईंना ऐकू येत नाही.”

“दिसला होता! तू थांब म्हणालीस, मला कळलं होतं. पण पहिला हिसका फुकट गेला होता, एवढी माणसं बघत होती. मागे कसं हटायचं?” त्यांचा आवाज फुटला. “चुकलं माझं. आता सोड.”

तिने लगेच सोडलं नाही. हे खोटं कशाला सांगायचं? एक पूर्ण श्वास तिने टाच तिथेच ठेवली आणि तो श्वास आयुष्यातल्या कुठल्याही श्वासापेक्षा तिला गोड लागला. मग पाय काढला, चप्पल घातली, त्यांचा हात हलू न देता चादरीची झोळी बांधली, व्यायामाच्या बाईंनी शिकवली होती तशी, आणि गाडी बोलावायला सांगितली.

सासूबाई खुर्चीत बसून राहिल्या होत्या. तिच्याकडे न बघता त्या म्हणाल्या, “मला हे त्याने कधी सांगितलं नव्हतं.” तिने त्यांच्या हातात पाण्याचा पेला दिला, उजव्या हाताने.

भावजींचा गोळा दवाखान्यात औषध देऊन, हळू ओढून बसवला. आधी बोटं हलवून पाहिली. नसा सगळ्या शाबूत. “कुणी ओढलं नाही ना घरी?” तिथल्या डॉक्टरने विचारलं. “नाही,” ती म्हणाली, “आमच्याकडचा ओढणारा आज आजारी होता.”

चार दिवसांनी ती घोड्यावर चढली. भावजींची अर्धवट रेघ तिने घासून काढली होती. ते खाली खुर्चीत, हात झोळीत, वर बघत बसलेले. घरात त्यांचा आवाज खाली आला होता.

“झालं ना तुझं समाधान?” ते म्हणाले. “सगळ्यांसमोर म्हटलं मी. आता विसर.”

व्यायामाच्या बाईही तेच म्हणाल्या होत्या. मेंदू शिकतो, आता ढकलायचा विचार नाही केला तरी हात वर जाईल, हळूहळू सवय मोडा. तिने ब्रश रंगात बुडवला, कडेला निपटला. हात अजून खांद्याच्या वर आपसूक जात नव्हता की ती जाऊ देत नव्हती, हे तिने कधी तपासून पाहिलं नाही.

“विसरले तर हात वर कसा जाईल, भावजी?” ती म्हणाली. मग डोळे क्षणभर मिटून तिने त्यांना ढकललं, मन लावून, आणि हात डोक्याच्या वर, पार छताला जाऊन भिडला. रेघ या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात सरळ गेली.